शकूबाय, वाडीचे गड आणि फुकटचा सर्व्हर

माझी थोरली जाऊ शकू साधी बाई आहे, पण भोळी नाही, हे आधीच सांगून टाकते. रोपवेच्या खाली आमचा पिठलं-भाकरीचा स्टॉल आहे. एखादं गिऱ्हाईक म्हणालं, पिठल्यात मीठ कमी आहे, तर शकूबाय त्याच्यासमोर चमचाभर पिठलं तोंडात टाकते, डोळे मिटून चव घेते आणि म्हणते, "पिठल्यात बरोबर हाय दादा. तुम्ही घाम गाळून गड उतरलात, तुमच्यातलंच मीठ कमी झालंय." गिऱ्हाईक हसतं न् आणखी एक भाकरी मागतं. अशा बाईला कोणी फसवलं म्हणून मला सांगितलं असतं तर मी सांगणाऱ्यालाच खोटं पाडलं असतं. पण फसवलं. आणि त्यानंतर तिनं जे केलं ते मी सात जन्मांत केलं नसतं, म्हणून हे लिहायला बसले. बोलताना मी नाय-हाय बोलते, पण लिहिताना बारावीपर्यंत महाडला शिकल्याची लाज राखते.

आमच्या हिरकणीवाडीतली निम्मी घरं बंद असतात. माणसं मुंबईला; उगवणार ती शिमग्याला आणि गणपतीला. जाताना घराला कुलूप लावायचं आणि चावी शकूकडे टाकायची, ही इथली रीत. टाकायची म्हणते, कारण 'सांभाळ हं' असंसुद्धा कोणी म्हणत नाही. ती अधूनमधून घरं उघडते, झाडते, देवापुढं दिवा लावते, वाळवी लागली का बघते, पुन्हा कुलूप. कुणाचा तांदळाचा डबा कुठं, कुणाचे दागिने कुठं, सगळं तिला ठाऊक, आणि तोंडातून अवाक्षर नाही. मुंबईत आमच्या माणसांना कोणी विचारलं, गावचं घर कोण बघतं रे, तर ती एवढंच म्हणतात, "शकूकडं हाय." पुढं काही सांगावं लागत नाही. तिच्याकडे शेत फार नाही, शिक्षण नाही, पण वाडीत तिला जो मान आहे तो ह्या शब्दांचा आहे.

आता गेमचं सांगते. कोरोनात सगळी मुंबई वाडीत येऊन पडली होती. कामधंदा नाही, दिवस जाता जाईना, तेव्हा पोरांनी मोबाइलवर तो गडांचा गेम सुरू केला. त्याला इंग्रजीत भलंमोठं नाव आहे, ते कोणी घेत नाही. आपला एक गड बांधायचा, तटबंदी करायची, तोफा बसवायच्या, शिपाई तयार करायचे, दुसऱ्याचा गड लुटायचा. सगळ्यांनी मिळून एक टोळी करायची असते. आमच्या माणसांनी तिचं नाव ठेवलं 'हिरकणीवाडी ग्रामस्थ मंडळ'. अध्यक्षसुद्धा नेमला! अरविंद, वरच्या आळीतला. लॉकडाऊन उठला, माणसं परत कामाला गेली, घरांना कुलपं लागली, पण मंडळ राहिलं. एक घाटकोपरला, एक वाशीला, एक भिवंडीला, आणि संध्याकाळी सगळे त्या गेमच्या गप्पांच्या खिडकीत हजर. कोण आजारी, कुणाची सोयरीक जमली, कुणाच्या म्हशीला रेडकू झालं, सगळं तिथंच कळायचं. वाडी एकत्र बसायची तेवढीच एक जागा उरली होती, हे मी चेष्टेनं म्हणत नाही.

मुंबईत जे जुनं होतं ते गावाला येतं. टीव्ही, पंखा, मिक्सर. तसे जुने मोबाइलही येऊ लागले, आणि प्रत्येकात मालकाचा गड चालू. ड्यूटीवर खेळता येत नाही, गड ओसाड पडतो, कोणी येऊन लुटतो. मग करायचं काय? शकूकडं टाक! माझी जाऊ अख्ख्या वाडीचे गड बघू लागली. स्टॉलवर फळीवर ओळीनं मोबाइल, खाली वायरींचा गुंता, एका हातात भाकरी थापतेय, दुसऱ्या हाताच्या उलट्या बोटानं सोनं गोळा करतेय. आणि लढाई असली की काय विचारता! "फोड मेल्याला! आधी ती तोफ फोड, तोफ! अरे भिंतीला काय चाटतोस?" पुण्याहून आलेल्या एका आजोबांच्या हातातला ताकाचा पेला सांडला होता. मी तिला म्हटलं, "जाऊबाय, गिऱ्हाईक पळेल." तर म्हणते, "पळू दे, परत येईल. तोफ परत येत नाय."

हे एवढं छान चाललेलं असताना पोलादपूरच्या मंडळानं आम्हाला हरवलं. एकदा नाही, लागोपाठ. आणि शकूबायचं माहेर पोलादपूरचं! आंबेनळी घाट सुरू होतो तिथली वाडी. मग काय, मुंबईची पोरं तिला चिडवायला मोकळी. "काकी, माहेराला फितूर झालीस काय?" ती हसायची, पण तिला लागलं होतं, मला कळत होतं. पुढच्या रविवारी पुन्हा त्यांच्याशीच लढाई ठरली होती.

अशात एका दुपारी गेममध्ये तिला राहुलचा निरोप आला. राहुल म्हणजे तिच्या चुलत्यांचा, कोंडाजींचा नातू. पोलादपूरच्या मंडळात तोही खेळायचा, आणि लढाईआधी 'आत्या, आज सांभाळून' असं चिडवायचा. आता लिहिलं होतं, "आत्या, तू हरतेस ते मला बघवत नाय. आमचं गुपित सांगतो, कुणाला बोलू नको. आम्ही प्रायव्हेट सर्व्हरवर सराव करतो."

प्रायव्हेट सर्व्हर म्हणजे काय, ते मला तेव्हा माहीत नव्हतं, आता चांगलंच माहीत आहे. खरा गेम कंपनीच्या मशीनवर चालतो. कोणीतरी त्याची नक्कल करतो आणि आपल्या घरच्या मशीनवर चालवतो. खऱ्या गेममध्ये पैसे मोजून घ्यायचे हिरे तिथं फुकट, सोनं फुकट, बांधकामाला थांबायला नको. दिसायला हुबेहूब तोच गेम. पण चालवणारा कोण, कुठला, ह्याचा पत्ता नाही, आणि उद्या काही झालं तर दाद मागायची कोणाकडे, तर भिंतीकडे.

राहुलनं लिंक पाठवली. तिच्यावर बोट ठेवल्याबरोबर फोननं लाल अक्षरात बजावलं, हे ॲप धोकादायक असू शकतं. मी म्हटलं, "जाऊबाय, फोन नको म्हणतोय." ती म्हणाली, "गॅसच्या टाकीवर पण धोका लिहिलेलं असतं. म्हणून आपण जेवण करायचं सोडतो काय गो?" शिवाय माहेरचा माणूस आत्या म्हणून हाक मारतोय. आमच्यात लेकीला माहेरून आलेलं काही परत पाठवायची पद्धत नाही, मग ती कच्ची राहिलेली फणसाची भाजी असो नाहीतर मोबाइलची लिंक असो. 'हे कुठून आणलंस' असं विचारणं म्हणजे माहेराचा अपमान.

आणि खरं सांगू? ती दुपार काय गेली म्हणता! फुकटचं ते पौष्टिक. नुसतं बोट लावायचं की बुरूज उभा. तोफा हव्या तेवढ्या, शिपाई हवे तेवढे. शकूबायनं पोलादपूरच्या गडासारखा गड बांधला आणि तो पाडला. पुन्हा बांधला, पुन्हा पाडला. "बघ गो सारिके, इकडून डावीकडून शिरायचं, तिकडं त्यांची बाजू कच्ची हाय!" मीसुद्धा भाकरी करपवल्या. आम्ही दोघी बायका नाचायच्या बाकी होतो. रविवारी पोलादपूरचं काही खरं नाही, एवढं आम्हाला कळून चुकलं होतं.

मग राहुलचा पुढचा निरोप. "आत्या, सगळ्यांचे गड सरावाला इकडं आण. प्रत्येकाचा ईमेल टाक, फोनवर कोड येईल, तो त्या चौकटीत भर." जुन्या फोनांत ज्याचे त्याचे ईमेल चालूच होते. कोड येत गेले, ती भरत गेली. आधी तिचा स्वतःचा. मग दीपेशचा, म्हणजे तिच्या लेकाचा. सयाजीचा. अनिलचा. अध्यक्षाचा, अरविंदचा. तिच्या मनात एवढंच होतं, की सगळ्या वाडीला सराव मिळू दे. घर उघडून झाडून काढावं, तसं तिनं एकेक गड उघडला.

दुसऱ्या दिवशी सकाळी पहिली चहाची गिऱ्हाईकं आली आणि दीपेशचा मुंबईहून फोन. "आये, माझा गड उघडत नाय. पासवर्ड चुकीचा म्हणतो. कुणी बदलला?" पाठोपाठ सयाजीचा. शकूबायनं राहुलला निरोप टाकला, उत्तर नाही. पुन्हा टाकला, तर तिलाच तिकडून बंद केलेलं. तो प्रायव्हेट सर्व्हर उघडून बघितला, तर कोरा पडदा. आमचे बुरूज नाहीत, तोफा नाहीत, काही नाही. तिकडून दीपेश ओरडत होता, "आये, कोड कुणाला दिलास? अगो, त्या ईमेलवर माझे फोटो हायत, ऑफिसचं हाय, सगळं हाय!"

शकूबाय मटकन बाकावर बसली. चुलीवर चहा उतू गेला, तिचं लक्ष नाही. गेम गेला खड्ड्यात, पण 'शकूकडं हाय' ह्या शब्दांचं काय होणार, हे तिच्या डोळ्यांत लख्ख दिसत होतं.

मी तिच्या कानाशी लागले. "जाऊबाय, ऐक माझं. झाकली मूठ सव्वा लाखाची. फोन पाण्यात पडले म्हणून सांग. व्होल्टेज वाढलं, जळले म्हणून सांग. कोण बघायला येणार हाय? तुझं नाव राहील." आणि मी वाईट सल्ला दिला असं मला अजूनही वाटत नाही. जगात कोणीही हाच सल्ला दिला असता.

तिनं माझ्याकडे असं बघितलं की मी दोन पावलं मागं सरले. मग फोन उचलला, वाडीच्या मुंबईवाल्या ग्रुपवर गेली, आणि बटण दाबून बोलली. आवाज असा की रोपवेच्या रांगेतली माणसं वळून बघायला लागली. "ऐका रे सगळ्यांनी! मी शकू बोलत्येय. चोरी झालीय. चोराला दार मी उघडून दिलंय, माझ्या हातानं. आता रागवत बसू नका, राग नंतर काढा. हातातलं काम टाका न् आपल्या ईमेलचा पासवर्ड बदला. सगळीकडून बाहेर काढा असं एक बटण हाय, ते दाबा. आत्ताच्या आत्ता! ज्याला जमत नाय त्यानं दीपेशला फोन करा."

आणि काय सांगू, मुंबई हलली! बेकरीतला भट्टी सोडून बाहेर आला, सिक्युरिटीतला गेट सोडून आडोशाला गेला. इकडं आम्ही दोघी जुन्या फोनांवरून एकेकाला सांगतोय, तिकडून दीपेश सांगतोय. "सयाजीचा आला परत!" "अनिलचा पण आला!" प्रत्येक वेळी आम्ही टाळ्या पिटायचो. चोर पुढं, आम्ही मागं, पण पकडत होतो त्याला. मी म्हटलं, "अगो, तुझ्या स्वतःच्या गडाचं बघ ना आधी!" म्हणाली, "लोकांची घरं आधी. आपलं बघू मागाहून."

सगळे झाले, राहिला अरविंद. आणि राहिला तोच नेमका अध्यक्ष. गेममध्ये अध्यक्षाला कोणालाही मंडळातून हाकलता येतं. त्याचा गड चोराच्या हातात राहिला तर मंडळच संपलं, मग बाकीचे वाचून उपयोग काय? अरविंद महाडच्या एमआयडीसीत केमिकल कंपनीत ऑपरेटर. आत मोबाइल न्यायला बंदी, फोन गेटवरच्या कपाटात. जुना पासवर्ड त्याच्याशिवाय कोणाला ठाऊक नाही, आणि संध्याकाळपर्यंत तो हाती लागणार नाही.

"भावजी, गाडी काढा!" शकूबाय ओरडली. भावजी म्हणजे माझा नवरा किशोर. त्याची मिनिडोअर रिक्षा पाचाड ते महाड चालते. त्या बिचाऱ्यानं नुकतीच दोन पॅसेंजरं भरली होती. "वहिनी, थांबा की, गाडी भरू दे." "भरू दे नाय न् बिरू दे नाय, हाणा!" पॅसेंजर म्हणाले, आम्हाला कोंझरला उतरायचंय. त्यांना कोंझरला अक्षरशः ओतलं. मी मागं बसून तीन मोबाइल सांभाळतेय, गाडी वळणावर वाकतेय, शकूबाय पुढं बसून रस्त्यातल्या प्रत्येक म्हशीला शिव्या घालतेय. नाते गावच्या बाजारात ट्रॅक्टर आडवा. ती उतरली, ट्रॅक्टरवाल्याला काय बोलली देव जाणे, त्यानं मुकाट्यानं वाट दिली.

कंपनीच्या गेटवर वॉचमननं अडवलं. "बाई, आत सोडता येत नाय. काय झालं? कोण वारलं का?"

"वारलं नाय. दरोडा पडलाय. गडावर."

"रायगडावर?" त्याचे डोळे पांढरे व्हायचे बाकी.

"अरविंदच्या गडावर! बोलवा त्याला!"

त्या भल्या माणसानं आत फोन लावला आणि जसं ऐकलं तसं सांगितलं. अरविंद हेल्मेट डोक्यावर तसंच ठेवून धावत आला, चेहरा पांढराफटक. त्याला वाटलं गावच्या घरात चोर शिरले. शकूबायनं गेटच्या जाळीतूनच सगळं सांगितलं, एक शब्द न लपवता. त्यानं कपाटातून फोन काढला आणि गेम उघडला, तर पडद्यावर आमच्यासमोर ओळी उमटत होत्या. अमक्याला मंडळातून काढण्यात आलं. तमक्याला मंडळातून काढण्यात आलं. चोर तिकडं बसून आमची वाडी रिकामी करत होता, आणि आम्ही बघत होतो! "पासवर्ड बदल रे, पासवर्ड!" मी किंचाळले. अरविंदनं नवा पासवर्ड टाकला, एकदा चुकला, पुन्हा टाकला. सयाजीला काढण्यात आलं. "दाब रे बाबा, सगळीकडून बाहेर काढा, ते दाब!" त्यानं दाबलं.

ओळी थांबल्या.

आम्ही बघत राहिलो. पुढची ओळ आली नाही. निम्मं मंडळ उरलं होतं, आणि काढलेल्यांना परत घेता येत होतं. अध्यक्षाचा गड शाबूत! वॉचमननंसुद्धा टाळी वाजवली, त्याला काय कळलं होतं कोण जाणे. मी शकूबायला मिठीच मारली. मग तिनं स्वतःचा फोन उघडला. तिचा गड, कोरोनापासून विटेवर वीट रचून बांधलेला, तिथं नव्हता. ईमेलही गेला होता. आम्ही इतरांचे वाचवत बसलो होतो तेवढ्यात चोरानं तिच्याच घराला हात घातला होता. ती "असू दे" एवढंच म्हणाली.

अरविंदचा जीव आता कुठं भांड्यात पडला होता, आणि जीव भांड्यात पडला की माणसाला राग येतो. "काकी, आम्ही डोळे मिटून तुझ्यावर टाकलं न् तू वाटेवरच्या माणसाला कोड दिलेस? शोभतं काय तुला? यापुढं माझं काय बघू नको." म्हणाला आणि हेल्मेट सारखं करत आत निघून गेला. माझ्या जिभेवर चांगलं खरमरीत उत्तर आलं होतं. शकूबायनं माझा हात घट्ट धरला. "बरोबर बोलला तो," म्हणाली.

किशोर म्हणाला, "चला वहिनी, घरी." ती म्हणाली, "घरी नाय. पोलादपूरला घ्या, भावजी. राहुलला विचारायचंय."

पोलादपूर येईस्तोवर माझ्या डोक्यात आग होती. सख्ख्या चुलत्यांच्या घरातला पोरगा, आत्याचं घर लुटतो! घाटाच्या पायथ्याशी कोंडाजींच्या अंगणात राहुल पेंढ्याची उडवी रचत होता. आम्हाला बघून हसला, "आत्या! अशी अचानक?" शकूबायनं सरळ जाऊन त्याचा कान धरला. "गड कुठंय माझा?"

"कसला गड?" तो कळवळला. "आत्या, आईशप्पत, महिना झाला मी गेम उघडला नाय!"

"मग आत्या-आत्या करून मला कोण लिहीत होतं?"

राहुलच्या हातातला पेंढा गळून पडला. तो खाली बसला, आणि हळूहळू सगळं बाहेर आलं. त्यालाही कोणीतरी त्या प्रायव्हेट सर्व्हरची लिंक दिली होती, फुकटच्या हिऱ्यांसाठी. त्यानंही कोड भरला होता. त्याचा गड गेला, आणि त्याच्या नावासकट गेला. चोर त्याच्या गडात बसून त्याच्या जुन्या गप्पा वाचत होता. कोण आत्या, कोण मामा, कोणाशी कसं बोलायचं, सगळं त्याला आयतं मिळालं होतं.

"न् तू कुणाला सांगितलं नायस?" शकूबाय म्हणाली.

"लाज वाटली," राहुल मान खाली घालून म्हणाला. "मंडळाला सांगितलं, कंटाळा आला म्हणून सोडला. लोक हसले असते, आत्या."

मी खाऊ का गिळू करून त्याच्याकडे बघत होते, आणि मध्येच माझंच मला आठवलं, की सकाळी मीही हेच सांगत होते. शकूबायनं त्याचा कान सोडला आणि त्याच्या शेजारी पेंढ्यावर बसली. "पोरा, तू महिन्यापूर्वी बोंब मारली असतीस ना, तर मी वाचले असते. चोराला आपली लाजच पुरते. शिमग्याला एवढी बोंब मारता, न् चोरी झाली की गप्प? काढ फोन."

तिथंच अंगणात बसून तिनं दुसऱ्यांदा बोंब मारली. राहुलच्या फोनवरून, पोलादपूरच्या मंडळाच्या ग्रुपवर, राहुलला शेजारी बसवून. "मी हिरकणीवाडीची शकू, पोलादपूरची लेक. माझ्या भाच्याच्या नावानं चोरानं मला फसवलं. हा माझा भाचा, ह्यालाही फसवला. फुकटच्या सर्व्हरची लिंक आली तर उघडू नका. आत्या म्हणाला, मामा म्हणाला, तरी कोड देऊ नका, आधी फोन लावून आवाज ऐका. न् कोणी फसला असेल तर लाजू नका, बोला. मी तर बोलले, मला काय झालं?" मग राहुलनं चार शब्द सांगितले, आधी अडखळत, मग चांगला जोरात. पोलादपूरच्या मंडळातून तो निरोप माणगावला गेला, माणगावहून आणखी कुठं कुठं.

चहा होईपर्यंत फोन वाजायला लागला. एकजण निजामपूरचा, त्याचाही गड गेला होता, बायकोलासुद्धा सांगितलं नव्हतं. एक मुलगी खेडची. एक रिटायर मास्तर, त्यांना तर चोर म्हणाला होता की मी तुमचा जुना विद्यार्थी. ओळखीचं ना पाळखीचं, आणि सगळे लिहीत होते, मीपण, आत्या. मीपण, आत्या. शकूबाय एकेक मोठ्यानं वाचायची आणि कोंडाजींना सांगायची, "काका, बघा, तुमच्या लेकीला किती भाचे झाले!" म्हातारा टाळ्या देऊन हसत होता. मग एका बाईचा निरोप आला. आत्ता, ह्या क्षणी, तिला 'मावशी' म्हणून कोणीतरी कोड मागत होतं, आणि तिनं दिला नाही. तेव्हा आम्ही अंगणात जो गलका केला, तो घाटात वर ऐकू गेला असेल.

घरी परतलो तेव्हा दिवस मावळत होता. शकूबायनं स्टॉलवरच्या फळीवरचे सगळे फोन बंद करून पिशवीत भरले. ज्याचे त्याला परत देणार होती. मग आपल्या फोनवर खऱ्या गेममध्ये नवा गड सुरू केला. गड कसला, एक झोपडी, भोवती कुंपणसुद्धा नाही. मंडळात परत यायला अर्ज केला आणि फोन पालथा ठेवून भांडी घासायला बसली. मी बघत होते. भांडं एकच, पण ती ते घासतच होती.

फोन वाजला. मी झडप घालून उचलला. अर्ज मंजूर झाला होता, आणि खाली अरविंदचा निरोप होता. "काकी, आज डबल ड्यूटी लागलीय. रात्रीचं गडाकडं बघायला कोण नाय. बघशील ना?"

मी वाचून दाखवलं. शकूबायनं हात पदराला पुसले, फोन घेतला, डोळे पुसले, आणि उत्तर बोलून पाठवलं. "बघते रे. पण पासवर्ड देऊ नको. मी माझ्या झोपडीतून शिपाई पाठवते राखणीला."

आणि पाठवले तिनं. दोन. तेवढेच होते तिच्याकडे.